घटक ४ : ग्रोसर मीतन – शिखराची भूरचना, चढाईच्या वाटा आणि वर्णनाची भाषा

४.१ उद्दिष्टे

या घटकाच्या अभ्यासानंतर आपणास :
• ग्रोसर मीतन या शिखराचे स्थान, नाव आणि भूरचना यांविषयी सांगता येईल.
• खडकाचा प्रकार आणि चढाईची वाट यांतील संबंध स्पष्ट करता येईल.
• परभाषेतील भूशास्त्रीय संज्ञा मराठीत आणताना कोणते पर्याय उपलब्ध असतात, हे सांगता येईल.
• वाटेचे माहितीपर वर्णन अचूक आणि जबाबदारीने लिहिता येईल.

४.२ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, मागील घटकांत आपण माहितीपर लेखनाची सामान्य वैशिष्ट्ये पाहिली. वस्तुनिष्ठता, नेमकेपणा, क्रमबद्धता हे शब्द आता आपल्या परिचयाचे झाले आहेत. परंतु हे गुण नुसते पाठ करून अंगी येत नाहीत. एखादा विषय हातात घ्यावा, त्याची माहिती मिळवावी आणि ती मराठीत मांडताना नेमके कोठे अडते हे पाहावे, म्हणजे त्यांचा अर्थ उमगतो. या घटकासाठी आपण मुद्दाम दूरचा विषय निवडला आहे : स्वित्झर्लंडमधील आल्प्सच्या पायथ्याच्या रांगांतील एक लहान शिखर.

सह्याद्रीतील एखादा गड का घेतला नाही, असा प्रश्न आपल्या मनात येईल. परिचित डोंगराविषयी लिहिताना शब्द आपोआप येतात. ते का येतात आणि कशासाठी वापरले जातात, याचा विचार करावा लागत नाही. अपरिचित डोंगर मात्र प्रत्येक शब्दापाशी थांबायला लावतो. येथील ‘रिज’ म्हणजे आपली धार की आपला कडा? येथील ‘पास’ म्हणजे घाट की खिंड? हा प्रश्न केवळ शैलीचा नाही. वाटेचे वर्णन वाचून कोणीतरी त्या वाटेने जाणार असते. कथेत चुकीचा शब्द पडला तर वाचक थबकतो. वाटेच्या वर्णनात पडला तर चालणारा वाट चुकतो, आणि डोंगरात वाट चुकणे जिवावर बेतू शकते. हे सूत्र मनात ठेवून आपण या शिखराकडे वळू.

४.३ विषय-विवेचन

४.३.१ स्थान आणि नाव

ग्रोसर मीतन हे शिखर मध्य स्वित्झर्लंडमधील श्वीत्स या प्रांतात, त्याच नावाच्या गावाच्या डोक्यावर उभे आहे. त्याची उंची १८९८ मीटर आहे. शेजारी क्लायनर मीतन (१८११ मीटर) आणि त्याहून थोडे ठेंगणे हागेनश्पिट्स अशी दोन शिखरे आहेत. ‘ग्रोस’ म्हणजे मोठा आणि ‘क्लाइन’ म्हणजे लहान. म्हणजे हे थोरले आणि धाकटे मीतन होत. ज्या श्वीत्सवरून संपूर्ण देशाला ‘श्वाइत्स’ हे जर्मन नाव मिळाले, ते हेच श्वीत्स. गावाची उंची समुद्रसपाटीपासून सुमारे ५१६ मीटर असल्याने शिखर गावाच्या वर जवळजवळ १३८० मीटर उठलेले दिसते.

महाराष्ट्रातील सर्वोच्च शिखर कळसूबाई १६४६ मीटर उंच आहे. म्हणजे ग्रोसर मीतन त्याहूनही सुमारे अडीचशे मीटर उंच आहे. तरीही आल्प्समध्ये ते लहानच गणले जाते, कारण त्या पर्वतात चार हजार मीटरहून उंच शिखरे अनेक आहेत. अशा बाहेरच्या, तुलनेने ठेंगण्या रांगांना जर्मनमध्ये ‘फोरआल्पेन’ म्हणतात. शब्दशः अर्थ ‘आल्प्सपुढचे आल्प्स’. ‘लहान’ हे विशेषण नेहमी कशाच्या तरी तुलनेत असते, हे येथे ध्यानात घ्यावे. माहितीपर लेखनात ती तुलना सांगितली नाही, तर विशेषण दिशाभूल करते.

आता नावाकडे पाहू. रोमन लिपीतील या नावाचे लेखन पाहताच पुराणकथा या अर्थाचा मूळ ग्रीक शब्द आठवतो, आणि हा ‘मिथकांचा डोंगर’ असावा असे वाटते. प्रत्यक्षात त्या शब्दाशी याचा संबंध नाही. नामाभ्यासक हे नाव लॅटिनमधील ‘मेटा’ या शब्दाशी जोडतात. त्याचा अर्थ शंकूच्या आकाराचा स्तंभ किंवा सीमाखूण. शंकूसारख्या शिखराला हे नाव शोभते. नावातील ‘वाय’ हे अक्षर स्थानिक लेखनपरंपरेत दीर्घ ‘ई’ दर्शविते, आणि त्यापुढील ‘टी-एच’ या जोडाक्षराचा उच्चार साधा ‘त’ होतो. म्हणून आपण या पाठात ‘मिथेन’ किंवा ‘मायथन’ असे न लिहिता ‘मीतन’ असे लिहितो. ‘श्वीत्स’मधील दीर्घ ई-कारही याच परंपरेचा.

असाच प्रकार होल्त्सेग या स्थाननामाचा. इंग्रजी जाणणाऱ्या वाचकाला त्याच्या शेवटी अंडे दिसेल. परंतु तेथील बोलीतील ‘एग’ म्हणजे डोंगराचा कोपरा, सोंड किंवा धारेवरची जागा. ‘होल्त्स’ म्हणजे लाकूड वा रान. स्थाननामाचे लिप्यंतर करताना लिखित रूपाऐवजी उच्चार पाहावा आणि ओळखीच्या वाटणाऱ्या शब्दावर पटकन विश्वास ठेवू नये, हा यातून निघणारा पहिला धडा.

४.३.२ शिखराची भूरचना

श्वीत्स गावातून वर पाहिले तर डोंगराचे दोन भाग सहज वेगळे दिसतात. खालचा भाग मंद उताराचा, हिरवा, गवताळ कुरणांचा आणि झाडीचा आहे. त्यावर एकाएकी फिकट करड्या चुनखडकाचे उभे कडे सुरू होतात. थोरल्या मीतनच्या माथ्याकडचा कातळ तर चक्क लालसर आहे. हिरवा पायथा, करडे अंग आणि लाल माथा या तीन रंगांत या डोंगराचा इतिहास सामावलेला आहे.

करडा कातळ हा मुख्यतः ज्युरासिक कालखंडाच्या उत्तर भागातील, म्हणजे सुमारे १६ ते १४.५ कोटी वर्षांपूर्वीचा सागरी चुनखडक आहे. माथ्यावरचा लाल खडक त्यानंतरच्या क्रिटेशस कालखंडाच्या उत्तर भागातला. तोही समुद्रतळाशी साचलेला, चुन्याचा अंश असलेला खडक आहे. लोहाच्या ऑक्साइडमुळे त्याला लाली आली आहे, आणि त्यात सूक्ष्म सागरी जीवांची कवचे सापडतात. भूशास्त्रज्ञ त्याला ‘कूश रूज’ म्हणतात. हा फ्रेंच शब्दप्रयोग असून त्याचा अर्थ ‘लाल थर’ एवढाच आहे. कड्यांच्या तळाशी काही ठिकाणी याहूनही जुने, ट्रायासिक कालखंडातील खडक आढळतात.

येथपर्यंत सारे सरळ आहे : खाली जुने, वर नवे. सह्याद्रीतही आपण हेच पाहतो. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या सुमारास लाव्हाचे थर एकावर एक पसरत गेले. म्हणून गडाच्या पायथ्याचा थर आधीचा आणि माथ्याचा थर नंतरचा असतो. थर हलले नसतील, तर खालचा थर वरच्याहून जुना, हा भूशास्त्राचा पायाभूत नियमच आहे.

आता हिरव्या पायथ्याकडे पाहा. तेथे वालुकाश्म आणि चिकणमातीयुक्त मऊ खडक यांचे पातळ थर आलटून पालटून आहेत. या खडकसमूहास ‘फ्लिश’ म्हणतात. पायथ्याच्या या फ्लिशमध्ये पॅलिओजीन कालखंडातले, म्हणजे ६.६ कोटी वर्षांपूर्वीनंतर साचलेले थर आहेत. याचा अर्थ असा की, ज्युरासिक काळातील जुना चुनखडक कितीतरी तरुण खडकांवर बसला आहे. नातवाच्या खांद्यावर आजोबा बसावेत, तशी ही स्थिती आहे. मग नियम खोटा ठरला काय?

नियम खोटा नाही; त्यातील ‘थर हलले नसतील तर’ ही अट येथे पाळली गेलेली नाही. मीतनचे खडक आज आहेत त्या जागी साचलेले नाहीत. ते कितीतरी दक्षिणेकडे, युरोप आणि त्याच्या दक्षिणेचा भूखंड यांच्या दरम्यान असलेल्या समुद्राच्या तळाशी तयार झाले. पुढे हे भूखंड एकमेकांकडे सरकले आणि आल्प्स पर्वत घडला. त्या रेट्यात खडकांची विस्तीर्ण पटले मुळापासून सुटून उत्तरेकडे ढकलली गेली आणि दुसऱ्या, तरुण खडकांवर जाऊन पसरली. नंतरच्या लाखो वर्षांत पाणी आणि हिम यांनी त्या पटलाचा बहुतांश भाग झिजवून नेला. जे तुकडे उरले, त्यांतला एक म्हणजे मीतन. मूळ पटलापासून तुटून, परक्या खडकांच्या मध्ये एकाकी उभा राहिलेला हा तुकडा आहे. श्टान्सरहोर्न आणि बुओखसरहोर्न ही मध्य स्वित्झर्लंडमधील शिखरेही याच जातीची.

हे स्पष्टीकरण आज पाठ्यपुस्तकात एका परिच्छेदात मावते; पण ते स्वीकारले जाण्यास वेळ लागला. १८८४ मध्ये फ्रेंच भूशास्त्रज्ञ मार्सेल बेर्त्रां यांनी शेजारच्या ग्लारुस भागातील रचनेचा उलगडा एकाच प्रचंड सरकलेल्या पटलाच्या आधारे केला. १८९३ मध्ये स्विस भूशास्त्रज्ञ हान्स शार्ट यांनी मीतनसारखे एकाकी डोंगर दक्षिणेकडून आलेल्या पटलाचे अवशेष आहेत, असे प्रतिपादन केले. अख्खा डोंगर दूरवरून सरकत आला, ही कल्पना त्या काळी अनेकांना पचनी पडणे कठीण गेले. विसाव्या शतकाच्या आरंभी मात्र ती सर्वमान्य होत गेली.

४.३.३ संज्ञांचा प्रवास : क्लिप, पांघरूण आणि फ्लिश

अशा एकाकी तुकड्याला भूशास्त्रात ‘क्लिप’ म्हणतात. या जर्मन शब्दाचा मूळ अर्थ समुद्रातून वर आलेला खडक. ज्या काळी पटलांच्या सरकण्याची कल्पना नव्हती, त्या काळी असे डोंगर म्हणजे प्राचीन समुद्रात उभे असलेले खडक किंवा बेटे होती आणि त्यांच्याभोवती नंतर फ्लिश साचला, अशी एक समजूत होती. ‘क्लिप’ या शब्दात ती समजूत बसलेली आहे. पुढे समजूत गेली, शब्द मात्र राहिला, आणि त्याचा अर्थ बदलला. शास्त्रीय संज्ञा नेहमी व्युत्पत्तीतूनच अर्थ देतात असे नाही. कधी कधी त्या जुन्या चुकीचे स्मारक असतात. म्हणून संज्ञेचे शब्दशः भाषांतर धोक्याचे ठरते. ‘क्लिप’चे मराठीकरण कोणी ‘समुद्रशिळा’ असे केले, तर टाकून दिलेला सिद्धान्त मराठीत पुन्हा जिवंत होईल.

सरकलेल्या पटलासाठीच्या संज्ञा अधिक बोलक्या आहेत. फ्रेंचमध्ये त्याला ‘नाप’ म्हणतात. या शब्दाचा रोजच्या व्यवहारातला अर्थ टेबलावरचे कापड. जर्मनमध्ये ‘डेके’ म्हणतात, म्हणजे पांघरूण. दोन्ही शब्द घरातले आहेत. टेबलावरचे कापड हाताने पुढे रेटले की त्याला घड्या पडतात आणि ते सरकून दुसऱ्या वस्तूवर चढते. खडकांचे नेमके तेच झाले. मग मराठीत त्यासाठी जड संस्कृत समास घडवण्याची गरज आहे का? ‘पटल’ हा शब्द रूढ आणि नेमका आहे. पहिल्या उल्लेखात ‘पांघरुणासारखे पसरलेले खडकांचे पटल’ असे म्हटले की पुरते.

‘फ्लिश’ची गोष्ट आणखी वेगळी. हा मूळचा स्विस बोलीतला शब्द. पाण्याने फुगणारा, घसरणारा, उतारावरून वाहत जाणारा मऊ दगड या अर्थाने डोंगरातले लोक तो वापरीत. भूशास्त्रज्ञ बेर्नहार्ट श्टूडर यांनी १८२७ मध्ये तो शास्त्रीय लेखनात आणला, आणि आज तो जगभर वापरला जातो. शास्त्राला हवा असलेला नेमका शब्द शेतकऱ्याच्या तोंडी आधीपासून होता. आपल्याकडेही काळा पाषाण, मुरूम, गेरू, शाडू, घसारा असे शब्द दगडमातीशी रोजचा संबंध असलेल्या माणसांनी घडवलेले आहेत. परिभाषेचे काम करताना कोशाइतकेच त्यांच्याकडेही पाहावे.

परभाषिक संज्ञेबाबत आपल्यापुढे तीन पर्याय असतात : ती जशीच्या तशी घेणे (फ्लिश, क्लिप), मराठीत असलेला शब्द वापरणे (चुनखडक, पटल), किंवा वर्णन करून सांगणे (‘मूळ पटलापासून तुटलेला एकाकी डोंगर’). यांपैकी कोणता पर्याय निवडावा, हे वाचकाला त्या शब्दाचे पुढे काय करायचे आहे, यावर ठरवावे.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न – १
अ) मीतनच्या पायथ्याचे खडक कड्यांच्या खडकांपेक्षा जुने आहेत की तरुण?
आ) माथ्याच्या खडकाला लाल रंग कशामुळे आला आहे?
इ) ‘क्लिप’ या संज्ञेचे शब्दशः भाषांतर का टाळावे?

४.३.४ चढाईच्या वाटा

डोंगरावरच्या वाटा माणूस काढतो, पण त्या कोठून जाणार हे बरेचसे खडक ठरवतो. मीतनवर हे स्पष्ट दिसते. फ्लिशच्या मंद उतारावर कुरणे, गोठे, घरे आणि रुंद वाटा आहेत. हा खडक पाणी धरून ठेवतो, म्हणून गवत चांगले येते. पण त्याच कारणाने पावसाळी दिवसांत वाट चिखलाची आणि निसरडी होते. चुनखडक सुरू झाला की रुंद वाट संपते. तेथे उतार तीव्र होतो, पायाखाली कातळ येतो आणि हात मोकळे ठेवावे लागतात. खडक बदलला की चालण्याची रीत बदलते.

(क) ग्रोसर मीतनची नेहमीची वाट. ही वाट होल्त्सेग (१४०५ मीटर) येथून निघते. होल्त्सेगला येण्यासाठी ब्रुन्नी या गावाकडून, इबेरगेरेग खिंडीकडून किंवा रोटेनफ्लुए या डोंगरावरून चालत येता येते. रोटेनफ्लुए म्हणजे ‘लाल कडा’; तेथवर रिकेनबाखहून दोरवाहिनी आहे. होल्त्सेगपासून शिखरापर्यंतची उंची ४९३ मीटर असून चढायला साधारण दीड तास लागतो. ही वाट १८६४ मध्ये बांधण्यात आली. चाळीसहून अधिक वळणे घेत ती तीव्र उतारावरून वर जाते. अवघड जागी आधारासाठी साखळ्या लावलेल्या आहेत. वरच्या टप्प्यात पायाखालचा दगड लाल होतो. चालणारा ज्युरासिकमधून क्रिटेशसमध्ये शिरल्याची ती खूण. माथ्यावर उपाहारगृह आहे. हिवाळ्यात ही वाट बंद असते.

(ख) क्लायनर मीतन. थोरल्या आणि धाकट्या मीतनमधील खिंडीला स्थानिक बोलीत ‘दोन मीतनांमधली’ अशा अर्थाचे नाव आहे. तेथून धाकट्याच्या माथ्याकडे जाता येते. परंतु बांधलेली, साखळ्या लावलेली वाट येथे नाही. तीव्र गवताळ उतार आणि कातळ यांच्या मिश्रणातून, उघड्या दरीच्या कडेने चढावे लागते. उंची कमी असूनही हा चढ थोरल्यापेक्षा पुष्कळ अवघड आहे. अनुभवी आणि डोळे न फिरणाऱ्या गिर्यारोहकानेच तेथे जावे.

(ग) हागेनश्पिट्स आणि कड्यांवरील चढाया. येथे चालणे संपते आणि प्रस्तरारोहण सुरू होते. दोर, सुरक्षेची साधने आणि त्यांचे प्रशिक्षण असल्याशिवाय या वाटांचा विचार करू नये. तिन्ही शिखरांत सर्वांत ठेंगणे असलेले हागेनश्पिट्स माथ्यापर्यंत जाण्यास सर्वांत कठीण आहे, हे लक्षात घ्यावे. उंची आणि अवघडपणा या वेगळ्या गोष्टी आहेत.

(घ) हागेनेग खिंड. शिखरावर न जाता डोंगराला बगल देऊन जाणारी ही जुनी वाट. आइन्झीडेल्न या तीर्थक्षेत्राहून श्वीत्सकडे येणारे यात्रेकरू शतकानुशतके या खिंडीतून येत-जात आले आहेत. माणसाने डोंगरात सर्वप्रथम काढलेल्या वाटा बहुधा माथ्याकडे जाणाऱ्या नसतात. पलीकडे जाणाऱ्या असतात.

स्वित्झर्लंडमध्ये वाटांचे वर्गीकरण रंगांनी केलेले असते. पिवळी पाटी म्हणजे साधी पायवाट. पांढरा-लाल-पांढरा पट्टा म्हणजे डोंगरवाट, जिच्यावर पाय जपून ठेवावा लागतो. पांढरा-निळा-पांढरा पट्टा म्हणजे आल्पाइन वाट, जिच्यासाठी गिर्यारोहणाचा अनुभव लागतो. याखेरीज स्विस आल्पाइन क्लबची टी१ ते टी६ अशी सहा पायऱ्यांची श्रेणी आहे. ग्रोसर मीतनची नेहमीची वाट डोंगरवाटेच्या वर्गात मोडते. धाकट्या मीतनचा चढ या श्रेणीच्या वरच्या पायऱ्यांवर धरला जातो. या साऱ्या व्यवस्थेचा हेतू एकच : ‘सोपे’, ‘बरेच अवघड’ अशा व्यक्तिसापेक्ष शब्दांवर कोणाचा जीव अवलंबून राहू नये.

४.३.५ वाटेचे वर्णन : शब्दांची जबाबदारी

आता एका वर्णनाचे परीक्षण करू. पुढील मजकूर आपल्या स्वाध्यायांत वारंवार दिसणाऱ्या लेखनाचा नमुना म्हणून तयार केला आहे.

नमुना १ : ‘होल्त्सेगहून निघणारी निसर्गरम्य वाट पर्यटकांना हळूहळू उंच नेते. वाट फारशी कठीण नाही. मध्ये कड्यावरून चालत गेल्यावर डावीकडे वळावे. थोड्याच वेळात आपण शिखरावर पोहोचतो आणि सारे श्रम विसरतो.’

हा मजकूर वाचायला बरा वाटतो. परंतु त्याच्या आधाराने कोणी चालू लागला तर काय होईल? ‘फारशी कठीण नाही’ हे कोणासाठी? रोज डोंगर चढणाऱ्यासाठी की प्रथमच आलेल्या कुटुंबासाठी? ‘थोड्याच वेळात’ म्हणजे किती? ‘डावीकडे’ म्हणजे चढणाऱ्याच्या की खालून पाहणाऱ्याच्या? आणि सर्वांत गंभीर चूक : ‘कड्यावरून’. मूळ मजकुरातील धारेसाठी लेखकाने ‘कडा’ हा शब्द योजला आहे. मराठीत धार म्हणजे डोंगराचा अरुंद माथा, जिच्या दोन्ही बाजूंना उतार असतो आणि जिच्यावरून चालता येते. कडा म्हणजे उभा तुटलेला कातळ. धुक्यात सापडलेला माणूस ‘कड्यावरून जा’ हे वाक्य आठवून कोठे जाईल, याची कल्पना करावी.

नमुना २ : ‘होल्त्सेग (१४०५ मी.) ते शिखर (१८९८ मी.) : चढ ४९३ मी., साधारण दीड तास. उतरण्यास वेगळा वेळ धरावा. बांधलेली डोंगरवाट, पांढऱ्या-लाल-पांढऱ्या खुणा. वाट तीव्र उतारावरून नागमोडी वर जाते. बऱ्याच ठिकाणी एका बाजूस उघडी दरी आहे. अवघड जागी साखळ्या आहेत. असंख्य पावलांनी गुळगुळीत झालेला चुनखडक ओला असताना निसरडा होतो. पावसात, वादळाची चिन्हे असताना किंवा वाटेवर बर्फ असताना चढू नये. पक्क्या तळाचे बूट आवश्यक. लहान मुलांना हाताशी धरावे.’

दुसऱ्या नमुन्यात ‘निसर्गरम्य’ नाही आणि ‘श्रम विसरणे’ही नाही. परंतु वाचकाला घरी बसून निर्णय घेण्यासाठी जे हवे, ते सर्व आहे. शिखरावरून दिसणारे दृश्य सुंदर आहे, यात शंका नाही. ते वर पोहोचलेल्या माणसाला सांगावे लागत नाही. त्याला वर सुखरूप पोहोचवणे आणि खाली आणणे हे लेखकाचे काम.

दिशावाचक शब्दांबाबत एक संकेत ध्यानात ठेवावा. वाटेच्या वर्णनात डावे-उजवे हे चालणाऱ्याच्या दिशेनुसार धरतात. नदीच्या किंवा दरीच्या बाबतीत मात्र पाणी ज्या दिशेला वाहते, त्या दिशेला तोंड करून डावे-उजवे ठरवतात. त्यामुळे दरीतून वर चढणाऱ्याच्या डाव्या हाताचा काठ हा नदीचा उजवा काठ असतो. शंका असेल तेथे पूर्व, पश्चिम अशा दिशा लिहाव्यात. त्या वाचकाच्या उभे राहण्यावर अवलंबून नसतात.

भूरूपांसाठी मराठीत शब्दांची उणीव नाही. धार, सोंड, दांड, खिंड, घळ, नाळ, पदर, सुळका, कातळटप्पा, घसारा, आडवी वाट हे शब्द सह्याद्रीत वाटा काढणाऱ्यांनी आणि गुरे राखणाऱ्यांनी घासून नेमके केले आहेत. त्यांतील बहुतेक मीतनवरही लागू पडतात. उणीव असते ती त्यांच्यातील फरक जाणण्याची. नाळ आणि घळ, सोंड आणि धार यांची सरमिसळ शहरी लेखनात सर्रास होते. ज्याला हा फरक ठाऊक नाही, त्याने कोश उघडण्यापूर्वी एखाद्या गावातल्या वाटाड्याला विचारावे.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न – २
अ) उंची आणि अवघडपणा या वेगळ्या गोष्टी आहेत, हे मीतनच्या उदाहरणाने सांगा.
आ) ‘धार’ आणि ‘कडा’ यांतील फरक स्पष्ट करा.
इ) नमुना १ मधील कोणतेही दोन व्यक्तिसापेक्ष शब्दप्रयोग लिहा.

४.४ सारांश

ग्रोसर मीतन हे श्वीत्समधील १८९८ मीटर उंचीचे शिखर तरुण फ्लिशवर बसलेल्या जुन्या चुनखडकाचे आहे. दक्षिणेकडून सरकत आलेल्या पटलाचा तो झिजून उरलेला तुकडा होय. खडक बदलतो तशी वाट बदलते : फ्लिशवर रुंद पायवाट, चुनखडकावर वळणावळणाची डोंगरवाट आणि कड्यांवर प्रस्तरारोहण.

या शिखराच्या निमित्ताने तीन ठिकाणी शब्द फसवताना आपण पाहिले. नावाच्या लेखनाने ‘मिथका’चा भास दिला, ती चूक व्युत्पत्ती पाहून दुरुस्त होते. ‘क्लिप’ या संज्ञेत जुना सिद्धान्त दडलेला होता. ती चूक शास्त्राने दुरुस्त केली. धारेसाठी योजलेला ‘कडा’ मात्र दुरुस्त होण्याची वाट पाहत नाही. त्यापूर्वीच एखादे पाऊल पुढे पडलेले असते. म्हणून माहितीपर लेखन करणाऱ्याने स्वतःला एकच प्रश्न विचारावा : माझ्या या वाक्यावर विसंबून मी माझ्या घरच्या माणसाला त्या वाटेने पाठवीन का?

४.५ शब्दार्थ

• पटल : एकसंध सरकलेला, विस्तीर्ण पसरलेला खडकांचा समूह.
• क्लिप : मूळ पटलापासून झिजेमुळे विलग झालेला एकाकी डोंगर.
• फ्लिश : वालुकाश्म व चिकणमातीयुक्त खडकांच्या एकाआड एक थरांचा समूह.
• घसारा : उतारावरची सुटी माती व दगड.
• पदर : कड्याच्या दोन टप्प्यांमधील आडवी सपाट पट्टी.
• सोंड : डोंगरापासून खाली उतरत गेलेला फाटा.

४.६ स्वयं-अध्ययन प्रश्नांची उत्तरे

प्रश्न १ : अ) तरुण. आ) लोहाच्या ऑक्साइडमुळे. इ) शब्दशः भाषांतरातून, हे डोंगर समुद्रातील खडक होते ही टाकून दिलेली समजूत परत येते.
प्रश्न २ : अ) हागेनश्पिट्स तिन्हींत सर्वांत ठेंगणे असूनही माथ्यापर्यंत जाण्यास सर्वांत कठीण आहे. आ) धार म्हणजे दोन्ही बाजूंना उतार असलेला, चालता येण्याजोगा अरुंद माथा, कडा म्हणजे उभा तुटलेला कातळ. इ) ‘फारशी कठीण नाही’, ‘थोड्याच वेळात’.

४.७ सरावासाठी स्वाध्याय

१) ‘खडक वाट ठरवतो’ हे विधान मीतनच्या आधारे सुमारे दोनशे शब्दांत स्पष्ट करा.
२) परभाषिक संज्ञा मराठीत आणण्याचे तीन पर्याय सोदाहरण लिहा.
३) क्षेत्रकार्य : आपल्या परिसरातील एखादी टेकडी, गड किंवा घाटवाट निवडा. त्या वाटेने स्वतः चालून, नमुना २ प्रमाणे दीडशे शब्दांत तिचे वर्णन लिहा. वाटेवरील भूरूपांची स्थानिक नावे गावातील जाणत्या व्यक्तीकडून विचारून घ्या. नंतर ती वाट न पाहिलेल्या मित्राला आपले वर्णन द्या आणि त्याच्यासोबत चला. मात्र तोंडाने काहीही सांगू नका. तो जेथे अडेल, तेथील वाक्य पुन्हा लिहा.